लाइनवर कोणीतरी आहे

तुकूम, चंद्रपूर
१४ सप्टेंबर २०२५

हरिदास,

जयभीम. तब्येत विचारत नाही. तब्येत विचारायला लागले की माझा राग पातळ होतो, आणि आज तो मला घट्ट हवा आहे.

तुझं पाच पानी पत्र चष्मा पुसून दोनदा वाचलं. दोन्ही वेळा एवढंच समजलं की तू यंत्रं करणं सोडलंस, मोबाइल सोडलास आणि कोसमटोल्याच्या भाड्याच्या खोलीत बसून 'आपल्या आत जाणणारा कोण आहे' याचा शोध घेतो आहेस. अरे, जाणणारी चंद्रपूरला आहे. तुझी मोठी बहीण. टेलिफोन खात्यातून निवृत्त, गुडघे गेलेली, पण सगळं जाणणारी.

मूलच्या आयटीआयमध्ये पोरांना फिटरकाम शिकवण्यात तुझा जन्म गेला. पेन्शनीत निघाल्यावर रानडुकरं हाकलायचं यंत्र केलंस, तेव्हा शेजारच्या पुनमकडे मी पेढे पाठवले होते. ते यंत्र घेऊन तू गडचिरोली जिल्ह्यात गेलास, बुधरी मडावी नावाच्या बाईच्या धानात खांबावर बसवलंस, आणि तिला शब्द दिलास की यंदापासून जागलीला बसायचं, रात्र रात्र शेत राखायचं काम संपलं. तिने विश्वास ठेवला. आता तिचा पाय मोडलाय, जागल तिच्याने होत नाही, धान निसवायला, लोंब्या बाहेर पडायला आलंय आणि तू तत्त्वज्ञ झालास. बाईचं धान डुकरांना खाऊ घालून मिळणारं ज्ञान मला नको.

आत्म्याबद्दल म्हणशील तर तो विषय माझा शाळेतच झाला. कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर बिआत्रिसनी मॉरल सायन्सच्या तासाला विचारलं, आत्मा कुठे असतो? मी म्हटलं, आमचे बाबा म्हणतात तो नसतोच. तासभर बाकावर उभी होते. घरी येऊन सांगितलं तर बाबा म्हणाले, उद्या विचारलं तर पुन्हा हेच सांग. शाळेत आत्मा होता, घरी नव्हता, आणि मी दोन्हीकडे पास झाले. तू अजून पहिल्या प्रश्नावरच बसला आहेस.

यंत्र दुरुस्त कर आणि कळव.

साधना


कोसमटोला, ता. कुरखेडा
२२ सप्टेंबर २०२५

बाई,

जयभीम. पेढ्यांचं मला आज कळलं. तेव्हा सांगितलं असतंस तर दोन मीही खाल्ले असते.

यंत्र बिघडलेलं नाही, दुरुस्त काय करू? दिवसा उन्हावर बॅटरी भरते, अंधारलं की भोंगा सुरू होतो. वाघाची डरकाळी, कुत्री, बंदुकीचा बार, माणसांचा हाकारा, कधीही कुठलाही आवाज, क्रम ठरलेला नाही. सुरुवातीला एक डुक्कर फिरकलं नाही. बुधरीबाईने मला कोंबडा कापून घातला. मग एका संध्याकाळी बांधावरून पाहतो, तर एक मोठा एकटा नर खांबाशी आलेला. वर वाघ डरकाळ्या फोडतोय आणि हा खाली खांबाला पाठ घासतोय. खाज भागल्यावर त्याने मान वर करून भोंग्याकडे पाहिलं आणि चरायला गेला. त्याला कळलं होतं की आत कोणी नाही.

कसं कळलं, बाई? आवाज खरा होता. मी भारीतला भोंगा लावला होता. घरी आलो, दाढी करायला आरशासमोर उभा राहिलो आणि हात थांबला. त्या डब्यात कोणी नाही हे डुकराला कळतं. मग या डब्यात कोणी आहे हे मला कशावरून कळतं? तेव्हापासून पान्याला हात लावलेला नाही. वह्या भरतोय. उगाच भरत नाही, या एका प्रश्नाचं उत्तर मिळालं तर डुकराचंही मिळेल.

तू म्हणशील, मग स्वतः ओरड. रोज ओरडतो. माझा आवाज तुला माहीत आहे. वर्गातल्या मागच्या बाकापर्यंत पोचत नव्हता. त्यात ओरडता ओरडता 'हे ओरडतंय कोण' असं मनात येतं, तेवढ्यात कळप दुसऱ्या बांधीत, धानाच्या पुढच्या तुकड्यात.

बुधरीबाईचा आवाज मात्र पोचतो. खाटेवरून म्हणते, "भाऊ, तुमचा इचार पिकते तवापर्यंत माहा धान डुकराच्या पोटात जाते." तीन बांध्या आहेत तिच्या. वर्षाचं खाणं त्यातच. मंगली, तिची मुलगी, सासरी. गावातले बाकीचे आपापलं शेत राखतात. मी तिला शब्द दिला होता हे मी विसरलेलो नाही. गंमत करतोय म्हणशील, पण करत नाहीये.

हरिदास


तुकूम, चंद्रपूर
३० सप्टेंबर २०२५

हरिदास,

पत्राची वाट बघण्याइतका धीर माझ्यात नाही, म्हणून रविवारी दिवेलागणीला तुझा तो 'सोडलेला' मोबाइल लावून पाहिला. रिंग पुरती वाजलीही नाही, तू उचललास. म्हणजे सोडलेला मोबाइल हाताशीच असतो. संन्यास छान चाललाय.

आणि उचलून गप्प. मी हॅलो म्हटलं, हरिदास म्हटलं, तू गप्प. तुला वाटलं असेल, कोणी नाही समजून बाई फोन ठेवेल. अरे, माझी नोकरी ट्रंक बोर्डावर गेली, परगावचे कॉल जोडण्यात आणि 'तीन मिनिटं झाली' म्हणून सांगण्यात. कानावर हेडसेट आणि समोर भोकंच भोकं. लाइन मेलेली आहे की पलीकडे माणूस गप्प बसलाय, हे मला पहिल्या श्वासात कळायचं. मुलगा पळून गेलेली आई गप्प बसायची ते वेगळं, आणि उधारीवाला गप्प बसायचा ते वेगळं. तू लाइनवर होतास. शिवाय तुझं नाक घोरल्यासारखं वाजत होतं. सर्दी झालीय. ओव्याचा वाफारा घे, हे फोनवरही सांगितलं, पुन्हा सांगते.

म्हणून मी बोलायचं ते सगळं बोलले. चौथीत असताना कमळाकाकूच्या कोंबडीला तू चाकं बसवलीस तिथपासून सुरुवात केली. बाबांचं घड्याळ उघडलंस, ते आजतागायत बंद. तुझ्या बायकोने, वच्छलेने, तुझी यंत्रं घरभर सांभाळली, गेली बिचारी, पण तिच्यासाठी साधा पोळपाट सरळ करून दिला नाहीस. आणि आता परक्या बाईच्या धानाची जबाबदारी घेऊन डोळे मिटून बसलास. मध्ये मध्ये थांबून विचारत होते, ऐकतोयस ना? बोल काहीतरी. तू श्वास रोखायचास. मग मी पुन्हा सुरू.

शेवटी काहीतरी धडपडलं आणि तू निघून गेलास. फोन ठेवायचीसुद्धा रीत नाही. पण मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. जेवले आणि गाढ झोपले.

साधना


कोसमटोला
९ ऑक्टोबर २०२५

बाई,

हे पत्र बसून वाच. पुनमला वाचायला देऊ नकोस.

मी लाइनवर नव्हतो.

मोबाइल खरंच सोडला होता. तो जुना कीपॅडचा फोन मी यंत्रालाच दिला. वाघ, कुत्री, बंदूक सगळं त्याच्या कार्डात भरलंय. खांबाच्या बुडाशी पत्र्याच्या डब्यात फोन, त्यातून वायर वर भोंग्याला. गावात रेंज नाही, नेमकी त्या बांधावर आहे. सिम काढायचं राहून गेलं. आणि त्या फोनला हेडफोनची पिन लावलेली असली की आलेला कॉल तो आपणहून उचलतो.

तेव्हा रविवारी दिवेलागणीला तू जे बोललीस ते भोंग्यावरून बोललीस. तिन्ही बांध्यांत, पलीकडच्या मोहाच्या झाडापर्यंत आणि अलीकडे गावात. मी टॉर्च घेऊन बांधावरून येत होतो. कोंबडीच्या चाकांपाशी पाय थबकले.

नाक माझं वाजत नव्हतं. तो एकटा नर डब्याशी तोंड लावून उभा होता.

आता जे पाहिलं ते लिहितो, गंमत म्हणून नाही. तू बोलत होतीस तोवर तो चरत होता. भोंगा म्हणजे बडबड, त्याला सवय आहे. मग तू थांबलीस. 'ऐकतोयस ना? बोल काहीतरी.' आणि गप्प. त्याने चरणं थांबवलं. मान वर. तू गप्प, तो गप्प. तू परत बोललीस, परत थांबलीस. मागचा अख्खा कळप उभा, कान टवकारलेले. तिसऱ्यांदा तू थांबलीस तेव्हा तो जो उधळला, डब्याला धडक देऊन, की त्यामागे सगळे रानात. आठवडा झाला, एकाचंही पाऊल बांधीत नाही.

माझ्या वह्यांत जे सापडलं नाही ते मला तिथे सापडलं. वाघाची डरकाळी कधी थांबत नाही, म्हणजे थांबते, पण ऐकायला थांबत नाही. तू ऐकायला थांबलीस. बोलणं यंत्रालाही येतं, बाई. वाट पाहणं येत नाही. आत कोणी आहे हे डुकराने बोलण्यावरून ओळखलं नाही, तुझ्या गप्प राहण्यावरून ओळखलं.

बुधरीबाईने निरोप दिलाय: "त्या बाईले म्हना, रोज बोलत जाय. माह्या नवऱ्यालेबी असंच पायजे होतं कोनी."

वाफारा घेतला. सर्दी नव्हती तरी.

हरिदास

ता. क. गावातली पोरं मला कोंबडीबद्दल विचारतात.


तुकूम, चंद्रपूर
१८ ऑक्टोबर २०२५

हरिदास,

परवा सोळा तारखेला दीक्षाभूमीवर गेले होते. तिथे एवढी माणसं, एवढी शांतता, आणि माझ्या डोक्यात एकच: मी डुकराला ओव्याचा वाफारा घ्यायला सांगितला.

सिस्टर बिआत्रिस आमचे उच्चार सुधारण्यासाठी तोंडात गोट्या ठेवून कविता म्हणायला लावायच्या. त्या मेहनतीचं हे चीज झालं. आपल्या घरातल्या गोष्टी एका अख्ख्या गावाने ऐकल्या. तू टॉर्च घेऊन उभा होतास, तर धावत जाऊन वायर का उपटली नाहीस? निरीक्षण करत होतास. माझी अब्रू जात होती आणि तू टिपणं काढत होतास.

यापुढे त्या नंबरावर मी फोन करणार नाही. नोंद घे.

फक्त एक गोष्ट तुझ्या वहीत नीट उतरव, कारण तू ती सोयीस्करपणे गाळलीस. मी म्हटलं होतं लाइनवर कोणीतरी आहे. होतं. माझं चुकलेलं नाही. कोण आहे यात फरक पडला असेल, आहे यात पडला नाही. ट्रंक बोर्डावरसुद्धा नाव विचारणं ही पुढची पायरी असायची.

दुसरं, तुझं ते 'ऐकायला थांबणं' वगैरे. त्यासाठी वह्या भराव्या लागल्या? आमच्याकडे नवीन मुलींना पहिल्या दिवशी शिकवत, बोला आणि थांबा. तू मला विचारलं असतंस तर पोस्टकार्डावर भागलं असतं.

बुधरीबाईंचा पाय कसा आहे? प्लास्टर कधी निघतं? आणि ती डुकरं साधारण कधी येतात, सूर्य बुडाल्यावर लगेच की उशिरा? केवळ माहितीसाठी विचारते.

साधना


कोसमटोला
२८ ऑक्टोबर २०२५

बाई,

फोन करणार नाहीस हे वाचलं. नोंद घेतली.

दिवाळीच्या आदल्या दिवसापासून भोंग्यावर रोज संध्याकाळी एक बाई बोलते. नाव सांगत नाही. पहिल्या दिवशी तिने 'लाइन तपासणी' असं म्हटलं. दुसऱ्या दिवशी चंद्रपूरच्या नळाला पाणी कमी येतं त्याबद्दल नगरसेवकाला झापलं. काल तिने इंग्रजी कविता म्हटली, आणि प्रत्येक कडव्यानंतर थांबून विचारलं, समजलं का? कळप नाल्यापलीकडे उभा होता. कोणालाच समजलं नसावं, सगळे पळाले.

बुधरीबाईने खाट बांधावर आणवली आहे. आता तिचं आणि त्या बाईचं बोलणं होतं. डब्यापाशी तोंड नेऊन ही बोलते, वरून ती. तू तर तिथे नसतेस, म्हणून परवाचं लिहून पाठवतो.

"कोन बोलून राह्यलं वो रोज?"

"आधी तुम्ही कोण ते सांगा."

"मी मालकीन. धान माहा हाय."

"मग तुम्हीच ओरडा की. मला चंद्रपूरहून कशाला ओरडायला लावता?"

"पाय मोडला, तोंड नाई मोडलं. पर माह्या तोंडाले डुकरं सरावले. नवराबी सरावला होता."

"नवरा काय करायचा?"

"झोपे."

मग दोघी इतक्या हसल्या की भोंगा फाटल्यासारखा वाजला. नाल्यापलीकडून एक पिल्लू ओरडत पळालं. हसण्यानेही पळतात ही नवीन नोंद.

हलकं, लवकर येणारं धान कापून झालंय. भारी धान अजून उभं आहे, लोंब्या वाकल्यात. पंधरवडा निभावला की बुधरीबाईचं वर्ष निभावलं. त्या बाईला भेटलीस तर सांग.

मी यंत्र पुन्हा हातात घेतलंय. भोंग्याजवळ छोटा माइक बसवतोय, म्हणजे पलीकडचं नीट ऐकू येईल. यंत्राने बोलायचं काम माणसावर सोडायचं, स्वतः फक्त कान व्हायचं. असं यंत्र मी आधी कधी केलं नव्हतं.

हरिदास


तुकूम, चंद्रपूर
६ नोव्हेंबर २०२५

हरिदास,

सोमवारपासून एकच ऐकते आहे: आपण डायल केलेला क्रमांक कव्हरेज क्षेत्राच्या बाहेर आहे. ही जी पोरगी सांगते ती ऐकायला थांबत नाही, हेही आता मला कळायला लागलंय. तिच्यावर ओरडून उपयोग नाही. ओरडले.

तुमच्याकडे वीज पडून टॉवर गेला, असं वडशाच्या एसटीच्या कंडक्टरने सांगितलं. मी बसस्टँडवर जाऊन विचारलं. दुरुस्तीला किती दिवस लागतील हे कोणालाच माहीत नाही.

धान उभं आहे ना? बुधरीबाई काय म्हणतात? त्यांना सांग, मी फोन बंद केलेला नाही. हे नक्की सांग. तीन दिवस संध्याकाळी फोन आला नाही तर माणसाला वाटतं पलीकडच्याने ठेवला.

हो, मीच ती बाई. तुला ते पहिल्या दिवसापासून माहीत होतं. संध्याकाळी आता मला काम असतं. त्याआधी जेवून घेते, काय बोलायचं ते दुपारीच ठरवते, पुनमला सांगते आता मला वेळ नाही. निवृत्त झाल्यापासून 'मला वेळ नाही' हे वाक्य वापरायला मिळालं नव्हतं.

तू काही करशील असं वाटत नाही. तू विचार करशील.

साधना


तुकूम, चंद्रपूर
९ नोव्हेंबर २०२५
(गाडीच्या कंडक्टरच्या हाती)

बाई,

तू मला विचार करणारा म्हणालीस ते पत्र मला तुझ्याच दाराच्या आत, टेबलावर, पाकिटात चिकटवून तिकिटासह ठेवलेलं सापडलं. टाकायला विसरलीस वाटतं.

मी विचार केला नाही. टॉवर गेला, कळप परत बांधीत उतरला, एका कोपऱ्यातलं धान लोळवलं. बुधरीबाई म्हणाली, "भाऊ, बाईलेच घेऊन या." मी सकाळची पहिली गाडी पकडली. तुझ्या घराला कुलूप. पुनमने किल्ली दिली आणि म्हणाली, काका, त्या तर पहाटेच वडसा गाडीने तुमच्याकडे गेल्या, पिशवीत टॉर्च आणि शिट्टी होती.

म्हणजे ब्रह्मपुरीच्या आसपास कुठेतरी आपल्या दोन गाड्या एकमेकींना ओलांडून गेल्या. मी तेव्हा खिडकीतून बाहेर बघत 'दोन जाणिवांमधलं अंतर' यावर विचार करत होतो. याला हसू नकोस.

परवाच्या गाडीने परत येतो. बुधरीबाईच्या जागलीच्या मचाणावर चढू नकोस, गुडघ्यांचा विचार कर.

हरिदास


कोसमटोला
१० नोव्हेंबर २०२५

हरिदास,

येऊ नकोस. हे त्याच कंडक्टरच्या हाती पाठवते, तू निघायच्या आत मिळेल.

मी पोचले. कुरखेड्याहून काळीपिवळीवाल्याने मला गावाच्या अलीकडेच उतरवायचं ठरवलं, तेव्हा मी त्याला माणुसकी समजावून सांगितली. पानठेल्यावर बसलेली सगळी माणसं उठून उभी राहिली. एक म्हातारा म्हणाला, "हेच ते बाई." पोरांनी माझी पिशवी घेतली आणि वाटेत विचारलं, कोंबडीची चाकं खरंच फिरत होती का? मी सांगितलं, हो, पण कोंबडी फिरत नव्हती.

बुधरी माझ्याहून लहान निघाली. आवाजावरून मला मोठी वाटली होती. तिलाही मी धिप्पाड वाटले होते. एकमेकींना बघून थोडं वाईट वाटलं, मग चहा घेतला. आता ती मला साधनाबाई म्हणते आणि मी तिला सरळ बुधरी. तिचं प्लास्टर निघालंय, पण पाय टेकवत नाही. माझे गुडघे वाकत नाहीत. दोघी मिळून एक धड बाई होते.

मचाणावर चढले. कसं ते विचारू नकोस, गावातल्या चार जणांनी शपथ घेतलीय. मचाणावर जागा एकीची आहे. तुला बसवलं तर तू डुकराकडे बघता बघता स्वतःकडे बघायला लागशील, आणि कापणीला थोडेच दिवस उरलेत. तेव्हा तू तिकडेच राहा. नळ गळतो, मिक्सर वास मारतो, बाथरूमची कडी अडकते. टेबल आहे, दिवा आहे. तुझा ग्रंथ लिही. तिथे तुला कोणी टोकणार नाही.

काल संध्याकाळी हाकारा घातला. कळप नाल्यापलीकडेच थांबला. बुधरी खालून म्हणाली, "आवाज वळखला त्यायनं." मला सांगायला लाज वाटते, पण ट्रंक बोर्ड बंद झाला त्या दिवसानंतर माझा आवाज कोणी ओळखल्याचं मला इतकं बरं वाटलं नव्हतं.

साधना


तुकूम, चंद्रपूर
१६ नोव्हेंबर २०२५

बाई,

नळ, मिक्सर, कडी झाले. बाबांचं घड्याळ तुझ्या कपाटात सापडलं, तेही चालू केलं. दोष माझाच होता, एक दातेरी चाक मी तेव्हा उलटं बसवलं होतं.

ग्रंथ झाला नाही. टेबल आहे, दिवा आहे, शांतता आहे, कोणी टोकत नाही आणि एक ओळ सुचत नाही. खिळ्यावर टांगलेला तुझा जुना हेडसेट कानाला लावून बसलो. काही ऐकू येत नाही, अर्थातच. पण तो लावला की माणूस आपोआप ताठ बसतो आणि वाट पाहतो. कोसमटोल्यात मला वाटायचं की तुम्ही सगळे माझ्या चिंतनात अडथळा आणता. इथे लक्षात आलं, तुम्ही अडथळा आणायचात म्हणूनच मला माझ्या आत कोणी आहे असं वाटायचं.

टॉवर सुरू झाल्याचं कंडक्टर म्हणाला. संध्याकाळी मी इथून फोन करू का? भोंग्यावरून मीही थोडं ओरडेन. थांबून ऐकेन.

हरिदास


कोसमटोला
२४ नोव्हेंबर २०२५

हरिदास,

धान कापून झालं. बांधून झालं. बुधरीच्या अंगणात पेंढ्यांचं पुंजणं रचलंय, माझ्या डोक्याहून उंच. कोपरा गेला तो गेला, वर्षाचं खाणं घरात आलं. मंगली जावयाला घेऊन कापणीला आली होती. मीही विळा धरला, एक पेंढी कापली, आणि सगळ्यांनी ती कौतुकाने बाजूला काढून ठेवली, इतकी वाईट होती.

टॉवर सुरू झाला, तरी मी तुला 'कर फोन' असं कळवलं नाही म्हणून फुगला असशील. कापणीच्या आदल्या संध्याकाळचं सांगते म्हणजे तुला कळेल का ते.

सूर्य नुकताच बुडाला होता. बुधरी घरी भाकरी करत होती. मी मचाणावर एकटी. खाली तो आला, तुझा तो एकटा नर. कळप नव्हता. बांधाच्या कडेला उभा राहिला, माझ्याकडे तोंड करून. मी शिट्टी काढली. नगरसेवकाचं भाषण तयार होतं. तोंड उघडलं आणि बोलले नाही.

का, ते मला अजून कळलेलं नाही. जन्मभर लोकांना जोडून दिलं, नाहीतर स्वतः बोलले. जोडलेल्या लाइनवर नुसतं बसून राहायची वेळ माझ्यावर कधी आली नव्हती. तो श्वास घेत होता, मला ऐकू येत होता. माझा त्याला जात असणार. धानाचा वास, नाल्याचं पाणी, आणि आम्ही दोघं गप्प. हरिदास, मी तुझ्या वह्यांना हसले, पुढेही हसणार आहे. पण तिथे मी होते, तो होता, आणि आम्हा दोघांना ते माहीत होतं. एवढं सांगायला तुला पाच पानं लागली होती, मला तीही पुरली नसती.

मग मला धानाची आठवण झाली. लाइन कायमची धरून ठेवता येत नाही, बाकीच्यांना द्यावी लागते. मी घसा साफ केला आणि ओरडले नाही, शिवी दिली नाही. बोर्डावर बोलायचे त्याच आवाजात सांगितलं, "तीन मिनिटं झाली."

त्याने थोडा वेळ वाट पाहिली. मग वळला, आणि नाला ओलांडून सावकाश रानात गेला. पळाला नाही.

बुधरीला सांगितलं तर म्हणाली, "पैसे भरले नसतील त्यानं." हसता हसता तिची भाकरी करपली.

रविवारी नव्या तांदळाचा भात आहे. तू आल्याशिवाय हंडी उतरवणार नाही असं बुधरी म्हणते, तेव्हा पहिली गाडी पकड. येताना माझी निळी शाल, गुडघ्याचं तेल, चष्म्याची दुसरी जोडी आण, आणि घड्याळ चालू असेल तर तेही. पुनमला किल्ली देऊन ये आणि सांग, झाडांना पाणी घालत जा. काकूला सध्या वेळ नाही.

आणि तो हेडसेट आण. इथे कोणाला लावायला द्यायचा ते मी बघते.

साधना